प्रतिस्पर्ध्याची पायरी

अनोळखी माणसाशीं गांठ पडतांच त्याचें गांव, कुल आणि हुद्दा विचारून घेण्याची आपल्या वडील मंडळींची रीत तरुण पिढीस फारशी रुचत नाहीं, व ती रुचूं नये हें योग्यच आहे. परंतु अंधेरीपासून बोरिवलीपर्यंत आणि घाटकोपरापासून मुलुंडपर्यंत मुंबईच्या उपनगरांतले जे विद्यार्थी रात्रीं जेवणें आटोपल्यावर संगणकापुढें बसून किंवा मोबाइल हातीं घेऊन बंदुकांचे ऑनलाइन खेळ खेळतात, त्यांच्यांत त्याच रीतीनें नवा अवतार घेतला आहे. आपल्या पक्षांत कोण आहेत, समोर कोण आहेत, त्यांची ‘रँक’ कोणती, गेल्या हंगामांत ती कोठवर चढली होती, हें शोधून काढल्याशिवाय त्यांतील पुष्कळांस चैन पडत नाहीं. गांव नाहीं, कुल नाहीं, खरें नांवहि नाहीं; केवळ पायरी. ‘तो तर ब्राँझ आहे’ हें वाक्य धातूविषयीं नसून माणसाविषयीं असतें, हें ज्या वाचकांच्या घरीं कॉलेजांत जाणारा मुलगा किंवा मुलगी आहे, त्यांस सांगावयास नको.

इतरांसाठीं थोडा खुलासा अवश्य आहे. या खेळांपैकीं ‘व्हॅलोरंट’ हा एक घेऊं. अमेरिकेंतील रायट गेम्स या कंपनीनें तो जून २०२० मध्यें प्रसिद्ध केला. त्यांत पांच पांच जणांचे दोन पक्ष असतात. एक पक्ष ठराविक जागीं स्फोटक ठेवूं पाहतो, दुसरा त्यास अडवितो, आणि सामान्यतः तेरा डाव जो आधीं जिंकेल तो विजयी. खेळाडूंच्या श्रेणी नऊ आहेत: लोखंड, ब्राँझ, रुपें, सोनें, प्लॅटिनम, हिरा, त्यावर असेंडंट व इमॉर्टल, आणि सर्वांच्या शिरावर रेडियंट. पहिल्या आठ श्रेणींचे प्रत्येकीं तीन भाग पाडलेले असल्यामुळें एकंदर पायऱ्या पंचवीस होतात. जिंकणारा चढतो, हरणारा उतरतो. ही सारी व्यवस्था प्रथमदर्शनीं पोरखेळ वाटेल. परंतु माणसाची पायरी कशासाठीं ठरवावी, ती दुसऱ्यास दाखवावी कीं झांकावी, आणि ती पाहणारास खरोखर काय दिसतें, हा प्रश्न बंदुकांच्या खेळाहून पुष्कळ जुना आहे, व त्याच्या इतिहासांत आपल्या महाराष्ट्राचाहि एक प्रसिद्ध पुरुष येऊन जातो.

प्रतिस्पर्ध्यास पारखून घेणें यांत मुळांत वावगें कांहींच नाहीं. आपल्या जत्रांतील कुस्तीच्या फडांत आरंभीं रेवड्यांवर किंवा नारळावर लहान पोरांच्या कुस्त्या लागतात, आणि दिवस कलतां कलतां इनाम चढत जाऊन शेवटची कुस्ती सर्वांत मोठ्या जोडीची होते. जोड ठरविणारे पंच दोघांस शेजारीं शेजारीं उभे करितात. उंची, मान, दंड पाहतात. कोणत्या तालमीचा, कोणाचा पठ्ठा एवढें विचारतात. आणि जोड लावितात. येथें आंकडा कोठेंच नाहीं, पण पारख आहे, व ती सर्वांदेखत होते. विजोड कुस्ती लागली तर प्रेक्षक तेथल्या तेथें गलका करितात. या पारखीचा हेतु एवढाच कीं कुस्ती तोडीची व्हावी. कोणास टाळावें, हें ठरविण्यासाठीं ती नव्हे. मुंबईच्या क्रिकेटानें हीच पारख लेखी केली. १९४८ सालीं सुरू झालेल्या व भर पावसाळ्यांत खेळल्या जाणाऱ्या कांगा लीगमध्यें संघांची ‘ए’ पासून ‘जी’ पर्यंत विभागणी असे, आणि वर चढणें किंवा खालीं उतरणें हंगामाच्या गुणांवर ठरे. परंतु ती पायरी संघाची. एकट्या माणसाच्या कपाळीं ती चिकटत नसे.

कपाळीं चिकटणाऱ्या पायरीचें सर्वांत ठळक उदाहरण मैदानांतलें नसून विद्यापीठांतलें आहे. केंब्रिज येथील गणिताच्या ‘ट्रायपॉस’ परीक्षेंत पहिल्या वर्गांत येणारांस ‘रँग्लर’ म्हणत, आणि त्या सर्वांची पहिल्यापासून शेवटच्यापर्यंत अनुक्रमानें लाविलेली यादी सेनेट हाउसमध्यें मोठ्यानें वाचून दाखवीत. पहिला तो ‘सीनिअर रँग्लर’. १८९९ सालीं हा मान कोंकणांतील मुर्डी गांवचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांस दुसऱ्या एका विद्यार्थ्याच्या बरोबरीनें मिळाला. असा मान मिळविणारे ते पहिलेच भारतीय. तेव्हांपासून ‘रँग्लर परांजपे’ हें नांव महाराष्ट्रांत असें रूढ झालें कीं, पुढें ते फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य झाले, मंत्री झाले, ऑस्ट्रेलियांत भारताचे हायकमिशनर झाले, तरी लोकांनीं त्यांस त्या एका परीक्षेच्या पायरीनेंच ओळखलें. वयाच्या तेविसाव्या वर्षीं लाभलेली रँक १९६६ सालीं त्यांचें निधन होईपर्यंत त्यांच्या नांवाच्या पुढें चालत राहिली. या मानानें आपल्या समाजास केवढा धीर आला हें आम्ही जाणतों, आणि त्याची थोरवी कमी लेखण्याचा आमचा हेतु नाहीं. तरी त्या यादीची दुसरीहि बाजू होती.

यादीच्या तळाशीं जो येई त्याची पदवीदानाच्या प्रसंगीं सोबती जाहीर थट्टा करीत. एक भला मोठा लाकडी चमचा दोरीनें गॅलरींतून त्याच्यापुढें सोडण्यांत येई. आजच्या ‘ब्राँझ’ म्हणून हिणविण्याचा हा पूर्वज होय. १८९० सालीं फिलिपा फॉसेट या विद्यार्थिनीचे गुण पहिल्या आलेल्या पुरुषाहूनहि अधिक भरले. स्त्रियांस त्या यादींत क्रमांकच नसल्यामुळें ‘सीनिअर रँग्लरच्या वर’ एवढेंच तिच्याविषयीं वाचण्यांत आलें, आणि पदवी तर स्त्रियांस मिळतच नव्हती. सर्वांत मोठी हानि मात्र गणिताचीच झाली. अनुक्रमांत एक पायरी वर सरकावी म्हणून हुशार मुलें खासगी शिक्षकांकडे जाऊन ठराविक प्रश्न घड्याळाशीं शर्यत लावून सोडविण्याचा सराव करीत. गणित म्हणून गणिताकडे पाहण्यास त्यांस उसंत नसे. जी. एच. हार्डी हे स्वतः १८९८ च्या यादींत चौथे आले होते, व तेच या पद्धतीचे कट्टर विरोधक झाले. अखेर १९०९ ची यादी ही शेवटची अनुक्रमवार यादी ठरली. रँग्लर हे पद राहिलें, पण कितवा, हें सांगणें बंद झालें. आमच्या पिढीनें आपल्या शालांत परीक्षेच्या बोर्डाच्या गुणवत्तायादीचेंहि असेंच वैभव व तशीच अखेर पाहिली आहे.

एका माणसाच्या बळास एक आंकडा देण्याची जी रीत आज सर्व ऑनलाइन खेळांत शिरली आहे, ती मात्र परीक्षेंतून न येतां बुद्धिबळांतून आली. तिचे जनक अर्पाद इलो हे हंगेरींत १९०३ सालीं जन्मले व लहानपणींच अमेरिकेस गेले. मिलवॉकी येथें ते पदार्थविज्ञानाचे प्राध्यापक होते व उत्तम बुद्धिबळपटूहि होते. त्यांची पद्धति अमेरिकेच्या बुद्धिबळ संघानें १९६० सालीं आणि जागतिक संघानें १९७० सालीं स्वीकारिली. तिचें मर्म सोपें आहे. दोन खेळाडूंचे आंकडे सारखे असतील तर दोघांसहि निम्म्या यशाची अपेक्षा. दोनशेंचें अंतर असेल तर वरच्यानें शंभर डावांत सुमारें शहात्तर गुण मिळवावे. चारशेंचें असेल तर सुमारें एक्याण्णव. प्रत्यक्ष निकाल अपेक्षेप्रमाणें लागला तर आंकडे थोडेच हलतात, अपेक्षेविरुद्ध लागला तर बरेच. समजा, एका डावावर जास्तींत जास्त ३२ गुण पणास लागले आहेत व अंतर दोनशेंचें आहे; तर बलवान जिंकल्यास त्यास सुमारें आठच गुण मिळतील, आणि दुर्बळ जिंकल्यास त्यास सुमारें चोवीस मिळतील. म्हणजे आंकडा ही पदवी नव्हे. पुढच्या डावाविषयींचा तो एक अंदाज आहे, व प्रत्येक डावानंतर तो दुरुस्त व्हावयाचा आहे. स्वतः इलो यांनीं तर आपल्या मापनाची तुलना पाण्यावर हेलकावे खाणाऱ्या बुचाची जागा वाऱ्यावर झुलत्या दोरीस बांधलेल्या पट्टीनें मोजण्याशीं केली होती. शोधकाच्या अंगीं जो विनय होता, तो पुढें त्याचा शोध वापरणारांच्या अंगीं फारसा राहिला नाहीं.

अंदाज हा अंदाजच असतो, याचा पुरावा आपणांस दूर शोधावयास नको. जुलै २०२५ मध्यें जॉर्जियांतील बाटुमी येथें महिलांची विश्वचषक स्पर्धा झाली, तींत नागपूरची दिव्या देशमुख मानांकनानें पंधरावी होती. वय एकोणीस. तिनें आपल्याहून वरच्या खेळाडूंस एकामागून एक मागें टाकलें, अंतिम फेरींत कोनेरू हंपी हिला हरविलें, आणि त्या एका विजयासरशी ती ग्रँडमास्टर झाली. पायरी पाहून घाबरण्याची किंवा निश्चिंत होण्याची संवय तिला किंवा तिच्या प्रतिस्पर्धिनींना असती तर काय झालें असतें, तें सांगतां येत नाहीं. बुद्धिबळांत प्रतिस्पर्ध्याचा आंकडा सर्वांस ठाऊक असतो. परंतु तेथें समोर बसलेल्या माणसाशीं खेळ नाकारून उठून जाण्याची सोय नसते.

आतां बंदुकांच्या खेळांकडे वळूं. ‘डूम’ हा खेळ डिसेंबर १९९३ मध्यें, ‘क्वेक’ १९९६ मध्यें, आणि ‘काउंटर-स्ट्राइक’ २००० सालीं बाजारांत आला. भारतांत विदेश संचार निगमनें सर्वसामान्यांसाठीं इंटरनेट खुलें केलें तें १५ ऑगस्ट १९९५ रोजीं. पुढील दहा-बारा वर्षें आमच्या उपनगरांतील स्टेशनांच्या आसपास सायबर कॅफे निघाले, व तेथें तासाचे पैसे मोजून मुलें एकमेकांस जोडलेल्या संगणकांवर काउंटर-स्ट्राइक खेळत. त्या काळीं त्यांच्यांत रँक नव्हती काय? होतीच, परंतु ती आखाड्यांतल्यासारखी होती. कोणाचा नेम अचूक, कोण भिंतीआड दबा धरून बसतो, कोण हरल्यावर चिडतो, हें शेजारच्या खुर्चीवरच कळे. नवख्या पोरास कोणी तरी मागें उभें राहून ‘इथून नको, तिथून जा’ असें सांगे. पायरी होती, पण पायरीवर उभा असलेला माणूसहि दिसत होता.

मग तो माणूस दिसेनासा झाला. खेळ घरोघरीं गेला, जोडीदार देशोदेशींचे झाले, आणि जोड लावण्याचें पंचाचें काम यंत्राकडे आलें. २००४ मधील ‘हेलो २’ या खेळानें खेळाडूंस एक ते पन्नास अशा पातळ्या दिल्या. पुढच्याच वर्षीं मायक्रोसॉफ्टनें आपल्या खेळयंत्रासाठीं ‘ट्रूस्किल’ नांवाची पद्धति आणिली, आणि योगायोग असा कीं ती ज्या संशोधनशाळेंत जन्मली ती केंब्रिज शहरांतच आहे. हर्ब्रिख, मिंका व ग्रेपेल या संशोधकांनीं इलोच्या एका आंकड्याचे दोन केले: एक खेळाडूच्या बळाचा अंदाज, दुसरा त्या अंदाजाविषयींची शंका. नव्या खेळाडूविषयीं शंका मोठी. जसजसा तो खेळे तसतशी ती लहान. आमच्या मतें या सबंध इतिहासांत ही सर्वांत प्रामाणिक पायरी होय, कारण तिनें आपलें अज्ञानहि मोजून ठेविलें. परंतु शंकेचा आंकडा कोणी छातीवर लावून मिरवीत नाहीं. २०१२ च्या नव्या काउंटर-स्ट्राइकमध्यें अठरा पायऱ्यांचीं मानचिन्हें आलीं. २०१६ सालीं जिओमुळें इंटरनेट स्वस्त झालें, २०१८ मध्यें मोबाइलवर पबजी आला, आणि डिसेंबर २०१८ मध्यें गोरेगांवच्या प्रदर्शन केंद्रांत ‘ड्रीमहॅक’ हा या खेळांचा मेळा भरला. सप्टेंबर २०२० मध्यें भारत सरकारनें पबजीवर बंदी घातली. पुढच्या वर्षीं तो खेळ नांव बदलून परत आला, व त्याच्या ब्राँझपासून ‘काँकरर’ पर्यंतच्या पायऱ्याहि त्याच्याबरोबर आल्या.

आणि येथें एक गोष्ट सांगितली पाहिजे, जी खेळणाऱ्या पुष्कळ मुलांसहि नीटशी ठाऊक नसते. व्हॅलोरंटमध्यें जोड लावण्यासाठीं यंत्र जो आंकडा वापरतें तो खेळाडूस कधींच दाखवीत नाहींत. तो निराळा ठेविलेला, गुप्त असतो. सोनें, हिरा वगैरे जी पायरी दिसते ती त्याच्या मागोमाग चालते, पण तोच आंकडा नव्हे. म्हणजे मूळ हेतूसाठीं जो आंकडा लागतो तो झांकलेला, आणि जो उघडा आहे त्याच्यावर जोड लागतच नाहीं. तो अलंकार आहे. आमचे विद्यार्थी एवढी धडपड करून समोरच्याचा जो दर्जा शोधून काढतात, त्यास स्वतः पंचहि प्रमाण मानीत नाहीं!

तरी ती धडपड चालते, व तिच्यापायीं काय होतें तेंहि पाहण्यासारखें आहे. १९९६ च्या सुमारास ‘वॉरक्राफ्ट २’ या सैन्यें लढविण्याच्या खेळांत दोघे मित्र इतके निष्णात झाले कीं, त्यांचें नांव दिसतांच लोक खेळ सोडून जाऊं लागले. तेव्हां त्यांनीं ‘स्मर्फ’ या चित्रकथेंतील बुटक्या निळ्या पात्रांचीं नांवें घेतलीं, नवखे असल्याचें सोंग आणिलें, आणि लोकांस हरविलें. तेव्हांपासून खोट्या खालच्या पायरीवरून खेळणारास ‘स्मर्फ’ म्हणतात. आज या सोंगाचा सर्वांस उपद्रव होतो. परंतु त्याचें मूळ समोरच्याची पारख करून त्यास टाळण्यांतच आहे, हें सहसा कोणी ध्यानांत घेत नाहीं. याच्या उलट, पैसे देऊन दुसऱ्याकडून आपली पायरी चढवून घेण्याचा धंदाहि निघाला. आपल्याकडे परीक्षेस तोतया बसविण्यासारखाच हा प्रकार. दक्षिण कोरियानें डिसेंबर २०१८ मध्यें कायदा करून या धंद्यास दोन वर्षांपर्यंत कैदेची शिक्षा ठेविली. अंदाजासाठीं काढलेल्या आंकड्यापायीं तुरुंग!

सर्वांत अधिक नुकसान होतें तें मात्र ज्याच्यासाठीं कोणी कायदा करीत नाहीं अशाचें. यंत्रानें गुप्त आंकडा पाहून दहा जणांची तोडीची जोड लाविलेली असते. त्यांतील एक मुलगा बाहेरच्या एखाद्या सेवेवर आपल्याच पक्षांतल्या सोबत्याची पायरी पाहतो. ती दोन पायऱ्या खालची निघते. आणि पहिली गोळी सुटण्यापूर्वींच ‘याच्यामुळें आपण हरणार’ असा निवाडा होतो. कोणी खेळ सोडतो, कोणी त्या बिचाऱ्यास डावभर बोल लावितो. तो मुलगा कदाचित् नुकता सुधारूं लागलेला असेल. गुप्त आंकड्यास तें कळलें असेल, म्हणूनच तो तेथें आला असेल. परंतु पाहणारास दिसला तो त्याचा मागचा हंगाम. सायबर कॅफेंत त्याच्या पाठीशीं जो उभा राहिला असता, तोच येथें त्यास हिणवितो.

आमचे विद्यार्थी याचें एक समर्थन करितात, तें अगदींच टाकाऊ नाहीं. समोरच्याची पायरी खालची असून नेम अलौकिक असेल, तर तो सोंगाड्या तरी असतो किंवा कपटी साधनें वापरणारा तरी. तें ओळखावयाचें कसें, असें ते विचारतात. प्रश्न खरा आहे. परंतु कपटाचा शोध खेळ झाल्यावर घेतां येतो. खेळाआधीं घेतलेला तो शोध नसून पूर्वग्रह असतो. खेळ करणाऱ्या कंपन्यांसहि हें हळूहळू उमगलें आहे. ‘ओव्हरवॉच’ या खेळानें २०१८ सालीं खेळाडूची माहिती परक्यांपासून झांकण्याची सोय केली. रायट कंपनीनें आपल्या ‘लीग ऑफ लेजंड्स’ या दुसऱ्या खेळांत २०२२ सालीं तयारीच्या वेळीं सोबत्यांचीं नांवेंहि झांकिलीं, आणि व्हॅलोरंटविषयीं बाहेरच्या सेवांस असा निर्बंध घातला कीं खेळाडूच्या संमतीवांचून त्याची माहिती इतरांस दाखवूं नये. उलटपक्षीं २०२३ च्या ‘काउंटर-स्ट्राइक २’ नें प्रत्येकाचा आंकडा रंगासह सर्वांपुढें मांडला. दोन मोठ्या कंपन्या, दोन विरुद्ध मतें. डावाच्या आधीं झांकावें आणि डाव संपल्यावर निकालपत्रांत खुशाल दाखवावें, ही व्हॅलोरंटची वाट आम्हांस त्यांतल्या त्यांत न्याय्य वाटते.

ही घरगुती करमणुकीची बाब आहे, असें म्हणून आतां भागणार नाहीं. डिसेंबर २०२२ मध्यें भारत सरकारनें ई-स्पोर्ट्स या नांवानें अशा स्पर्धात्मक खेळांस क्रीडाप्रकारांत स्थान दिलें, आणि ऑगस्ट २०२५ च्या कायद्यानें पैसे लावून खेळावयाच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालतांना ई-स्पोर्ट्सचा मात्र पुरस्कार केला. खेळाचा दर्जा आला कीं निवड आली, व निवड आली कीं पायरी विचारली जाणारच.

झांकल्यानें ती कितपत झांकली जाते, हें केंब्रिजनें आधींच पाहिलें आहे. १९०९ नंतर तेथें रँग्लरांचीं नांवें क्रमांकाविना वाचली जाऊं लागलीं. परंतु अलीकडच्या काळांत तेथें असा परिपाठ पडला आहे कीं, वाचणारे परीक्षक एका नांवाशीं येतांच आपली टोपी किंचित् उचलतात. क्रमांक कोणी उच्चारीत नाहीं. टोपी हलली कीं ज्यास समजावयाचें त्यास समजतें.